सुरतेचा हरिभाई : संजीव कुमार यांची चरित्र-अभिनयाची वाट

हिंदी चित्रपटात नायक आणि चरित्र अभिनेता यांच्यात एक रेघ आखलेली असते. नायकाच्या वाट्याला प्रेम, गाणी आणि कथेचा शेवट येतो. चरित्र अभिनेत्याच्या वाट्याला बाप, काका, डॉक्टर, इन्स्पेक्टर, मुनीम किंवा जुना नोकर येतो. ही रेघ ओलांडणारे नट पूर्वीही होते, पण बहुतेकांनी ती उतारवयात ओलांडली. अशोक कुमार यांनी नायकपद भोगून झाल्यावर वडीलधाऱ्या भूमिका घेतल्या. प्राण यांनी खलनायकी गाजवल्यानंतर सहृदय म्हाताऱ्यांचे रूप घेतले. संजीव कुमार यांचे वेगळेपण असे, की तारुण्य हातात असताना त्यांनी म्हातारपण निवडले, आणि नायकाच्या भूमिका मिळत असतानाही दुय्यम भूमिका सोडल्या नाहीत. अवघ्या २५ वर्षांच्या कारकिर्दीत अभिनयाचे दोन राष्ट्रीय पुरस्कार मिळवणाऱ्या या नटाची ओळख लोकांच्या मनात 'शोले'तल्या हात तुटलेल्या ठाकुराशी जोडलेली आहे, आणि तो ठाकूर चित्रपटाचा रूढ अर्थाने नायक नाही.

सुरत आणि मुंबई

संजीव कुमार यांचे मूळ नाव हरिहर जेठालाल जरीवाला. त्यांचा जन्म ९ जुलै १९३८ रोजी सुरतेत एका गुजराती कुटुंबात झाला. चित्रसृष्टीतले मित्र आणि सहकारी त्यांना शेवटपर्यंत 'हरिभाई' म्हणत.

मराठी वाचकाला सुरत सर्वप्रथम आठवते ती शिवाजी महाराजांच्या १६६४ आणि १६७० च्या स्वाऱ्यांमुळे. पण या शहराशी महाराष्ट्राचे नाते तेवढ्यावर थांबत नाही. खानदेशातून वाहत जाणारी तापी सुरतेजवळ समुद्राला मिळते, आणि धुळे, नंदुरबार, जळगावकडची हजारो मराठी कुटुंबे कापडधंद्याच्या निमित्ताने उधना, लिंबायत या भागांत स्थिरावली आहेत. येवल्याच्या पैठणीच्या पदराला लागणारी जरसुद्धा मुख्यतः सुरतेहून येते. जरीवाला हे आडनाव याच व्यवसायातले आहे. सोन्या-चांदीचा मुलामा दिलेली बारीक तार रेशमी धाग्यावर चढवण्याच्या या कामाने सुरतेला पिढ्यान्‌पिढ्या नाव दिले.

हरिहर लहान असतानाच हे कुटुंब मुंबईला आले. त्या काळात मुंबईची गुजराती आणि मराठी रंगभूमी एकमेकींच्या शेजारी वाढत होती. नाट्यगृहे तीच, हौशी कलावंत सारख्याच चाळींतले, आणि स्पर्धांमधून एकमेकांची नाटके पाहण्याची सवय दोन्हीकडे होती. घराण्यात नटाची परंपरा नसलेल्या या मुलाला अभिनयाचे पहिले शिक्षण याच वातावरणात मिळाले.

रंगभूमीवरची तालीम

संजीव कुमार यांची सुरुवात इप्टा म्हणजे भारतीय जननाट्य संघातून झाली, आणि पुढे इंडियन नॅशनल थिएटर या संस्थेशी त्यांचा संबंध आला. इप्टाने त्यांना दिलेली शिकवण स्पष्ट होती. नाटक हे संघाचे काम असते, आणि भूमिकेची किंमत तिच्या लांबीवरून ठरत नाही. बलराज साहनी, ए. के. हंगल यांसारखी माणसे याच शाळेतली.

वयाच्या २२ व्या वर्षी त्यांनी आर्थर मिलर यांच्या 'ऑल माय सन्स' या नाटकात म्हाताऱ्याची भूमिका केली. युद्धकाळात सदोष यंत्रभाग विकून वैमानिकांच्या मृत्यूला कारण ठरलेल्या कारखानदाराचे ते नाटक आहे. त्यातली अपराधाची जाणीव आणि बापाचे ओझे विशीतल्या नटाला सहज पेलणारे नव्हते. पुढच्याच वर्षी हंगल यांनी दिग्दर्शित केलेल्या 'डमरू' या नाटकात ते सहा मुलांचा साठ वर्षांचा बाप झाले. तरुणपणी वृद्ध होण्याचे हे काम त्यांना पुढे जन्मभर पुरले.

मराठी रंगभूमीवर काही वर्षांनी घडलेली दुसरी एक घटना शेजारी ठेवून पाहता येते. डिसेंबर १९७० मध्ये 'नटसम्राट' रंगमंचावर आले तेव्हा डॉ. श्रीराम लागू ४३ वर्षांचे होते आणि त्यांनी उभे केलेले नायक गणपतराव बेलवलकर वार्धक्याच्या टोकाला पोचलेले. त्या प्रयोगांनी प्रेक्षकांना दाखवून दिले, की म्हातारपण पांढऱ्या केसांत किंवा थरथरत्या आवाजात नसते. ते श्वासात, थांबण्यात आणि शरीराच्या भारात असते. संजीव कुमार हीच गोष्ट पडद्यावर सिद्ध करत होते. फरक एवढाच, की रंगमंचावर प्रेक्षक अंतरावर बसतो, आणि कॅमेरा मात्र नटाच्या पापणीजवळ येऊन उभा राहतो.

छोट्या भूमिकांची वर्षे

चित्रपटात त्यांचे पहिले पाऊल १९६० च्या 'हम हिंदुस्तानी'मध्ये पडले. फिल्मालयाच्या या चित्रपटाचे नायक सुनील दत्त होते, आणि संजीव कुमार यांच्या वाट्याला अगदी किरकोळ काम आले. नायक म्हणून पहिली संधी मिळायला पाच वर्षे लागली. १९६५ च्या 'निशान'मध्ये ती मिळाली, आणि पुढे 'अलिबाबा और ४० चोर'सारखे पोशाखी आणि मारधाडीचे चित्रपट आले. या चित्रपटांची गणना दुय्यम दर्जात होत असे. याच काळात त्यांनी गुजराती चित्रपटही केले. सौराष्ट्रातील लाठी संस्थानचे कवी-राजे सूरसिंहजी यांच्या जीवनावरच्या १९६६ च्या 'कलापी'त त्यांनी मुख्य भूमिका केली.

१९६८ साल त्यांच्या कारकिर्दीचे वळण ठरले. त्या एका वर्षात त्यांनी चरित्र अभिनेत्याच्या जवळजवळ सगळ्या छटा करून पाहिल्या. हृषीकेश मुखर्जी यांच्या 'आशीर्वाद'मध्ये ते डॉक्टर होते. असित सेन यांच्या 'अनोखी रात'मध्ये दरोडेखोर होते. 'शिकार'मध्ये पोलीस इन्स्पेक्टर होते, आणि त्या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअरचा सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला.

त्याच वर्षी 'संघर्ष' आला. महाश्वेता देवींच्या कथेवर एच. एस. रवैल यांनी काढलेल्या या चित्रपटात काशीतल्या ठगांच्या दोन घराण्यांचे वैर आहे. नायक दिलीप कुमार होते. संजीव कुमार त्यांच्या समोरच्या बाजूला होते. दिलीप कुमार यांच्यासमोर उभे राहताना अनेक नट एक तर आक्रस्ताळे होत किंवा अंग चोरत. संजीव कुमार यांनी आवाज चढवला नाही. समोरच्या नटाने दिलेला संथ वेग त्यांनी स्वीकारला, आणि त्याच वेगात आपले वैर मुरवले. बुद्धिबळाचा पट मांडून झालेला त्या दोघांचा प्रसंग आजही हिंदी चित्रपटातील दोन नटांच्या जुगलबंदीचा नमुना म्हणून सांगितला जातो. या चित्रपटानंतर मुंबईच्या निर्मात्यांनी त्यांच्याकडे वेगळ्या नजरेने पाहायला सुरुवात केली.

पुढच्या वर्षीच्या 'सत्यकाम'मध्ये ते धर्मेंद्र यांच्या मित्राच्या भूमिकेत होते. सत्यासाठी सर्वस्व गमावणाऱ्या नायकाची कथा हा मित्र सांगतो. तो स्वतः तडजोड करणारा सामान्य माणूस आहे. नायकाची उंची प्रेक्षकाला कळावी म्हणून जवळ एक सामान्य उंचीचा माणूस लागतो. सहायक भूमिकेचे खरे काम ते हेच, आणि संजीव कुमार यांनी ते मनापासून केले.

'दस्तक' आणि 'कोशिश'

१९७० मध्ये 'खिलौना' आला. त्यात प्रेयसीच्या मृत्यूने मनाचा तोल गेलेला तरुण त्यांनी उभा केला, आणि चित्रपट लोकांनी डोक्यावर घेतला. पण त्याच वर्षीच्या 'दस्तक'ने त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिला. उर्दूतील थोर कथाकार राजिंदरसिंह बेदी यांचे हे दिग्दर्शन. मुंबईत घर शोधणाऱ्या हमीद आणि सलमा या नवविवाहित जोडप्याला एक खोली मिळते. तिथे आधी एक गाणारीण राहत असे. जुनी गिऱ्हाइके रात्री-अपरात्री दार ठोठावत राहतात, आणि संशयाचे सावट या दोघांच्या संसारावर पडते. हमीद हा कारकुनी करणारा, सभ्य, घाबरट नवरा आहे. तो खलनायकाशी लढत नाही. तो लाजतो, चिडतो, स्वतःच्या मनातल्या वासनेला घाबरतो. नायकाला इतके लहान होऊ देणे त्या काळच्या हिंदी पडद्यावर दुर्मीळ होते. नायिका रेहाना सुलतान यांनाही याच चित्रपटासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि संगीताचा पुरस्कार मदन मोहन यांना.

दुसरा राष्ट्रीय पुरस्कार १९७२ च्या 'कोशिश'साठी मिळाला. १९६१ च्या एका जपानी चित्रपटावरून प्रेरणा घेऊन गुलजार यांनी ही मूकबधिर दांपत्याची कथा रचली. हरिचरण आणि आरती बोलू शकत नाहीत, ऐकू शकत नाहीत. आवाज हे ज्या नटाचे मोठे भांडवल होते, त्याच्याकडून दिग्दर्शकाने आवाजच काढून घेतला. उरले हात, डोळे आणि घशातून निघणारे अस्फुट स्वर. संजीव कुमार यांनी या माणसाला दयेचा विषय होऊ दिले नाही. हरिचरण चिडका आहे, खेळकर आहे, हट्टी आहे. बाळापुढे खुळखुळा हलवूनही ते वळत नाही, म्हणून आईबाप हादरतात, आणि मग तो खुळखुळाच रिकामा असल्याचे कळते. त्या क्षणी आनंद आणि भीती एकाच चेहऱ्यावर एकदम येतात. शेवटी मोठा झालेला मुलगा एका मूकबधिर मुलीशी लग्न करायला नकार देतो, तेव्हा बापाचा संताप शब्दांवाचून उसळतो. तो संताप त्या मुलीच्या बाजूने आहे, आणि स्वतःच्या बायकोच्या बाजूनेही. चित्रपटाचा सगळा आशय त्या मूक रागात सामावला आहे.

वयाचा प्रश्न

त्याच १९७२ साली गुलजार यांचाच 'परिचय' आला. त्यात जितेंद्र नायक होते, आणि संजीव कुमार पूर्वकथेत दिसणारे, क्षयाने खंगलेले संगीतकार वडील. जया भादुरी त्यांची मुलगी होत्या. म्हणजे एकाच वर्षात ज्या अभिनेत्रीचे ते 'कोशिश'मध्ये पती झाले, तिचेच 'परिचय'मध्ये वडील झाले. दोघांच्या वयात दहा वर्षांहूनही कमी अंतर होते. पुढे 'शोले'मध्ये जया त्यांची सून झाल्या. प्रेक्षकांना यात काहीच खटकले नाही. या नटाचे वय ठरवायचे ते त्याच्या भूमिकेने, हे त्यांनी मान्य केले होते.

हा प्रयोग त्यांनी सातत्याने केला. १९७५ मध्ये हिंदी लेखक कमलेश्वर यांच्या लेखनाशी नाते असलेले गुलजार यांचे दोन चित्रपट आले. 'आँधी'त त्यांनी हॉटेल चालवणारा जे. के. साकारला. निवडणुकीच्या धामधुमीत अनेक वर्षांनी भेटलेल्या राजकारणी पत्नीशी तो अबोलपणे पुन्हा जुळवून घेतो. नायिका सुचित्रा सेन यांच्या वेशभूषेत इंदिरा गांधींचा भास झाल्याने आणीबाणीत या चित्रपटावर बंदी आली. 'मौसम'मध्ये ते पंचवीस वर्षांनी दार्जिलिंगला परतणारे डॉक्टर होते, ज्यांना आपण सोडून दिलेल्या मुलीची मुलगी कुंटणखान्यात सापडते. दोन्ही चित्रपटांत त्यांना तरुणपण आणि प्रौढपण एकाच कथेत दाखवायचे होते. प्रौढ जे. के. चालतो तेव्हा तो थोडा सावकाश चालतो, बसताना खुर्चीवर भार टाकतो, बोलण्यापूर्वी क्षणभर थांबतो. तरुणपणीचा तोच माणूस बोलताना हसतो आणि वाक्ये अर्धवट टाकतो. रंगभूषेपेक्षा लयीतला हा फरक वय सांगतो. 'आँधी'साठी त्यांना फिल्मफेअरचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला, आणि पुढच्या वर्षी 'अर्जुन पंडित'साठी पुन्हा तोच.

१९७६ च्या 'जिंदगी'त ते आणि माला सिन्हा मुलांच्या संसारांत वाटले गेलेले वृद्ध आईबाप होते. मराठी प्रेक्षकांना हा विषय १९५४ च्या राजा परांजपे यांच्या 'ऊन पाऊस'पासून परिचित आहे. त्या चित्रपटातले निवृत्त मास्तरही असेच मुलांच्या दारात परके होतात. संजीव कुमार तेव्हा चाळिशीच्याही आत होते.

या धाडसाचा सर्वांत मोठा पुरावा १९७८ चा 'त्रिशूल' आहे. सलीम-जावेद यांच्या या कथेत त्यांनी बांधकाम व्यवसायातला बडा मालक आर. के. गुप्ता रंगवला. अमिताभ बच्चन त्यांचा टाकलेला मुलगा झाले, आणि शशी कपूर औरस. शशी कपूर यांचा जन्म मार्च १९३८ चा, म्हणजे ते या 'वडिलां'पेक्षा काही महिन्यांनी मोठेच होते. अमिताभ फक्त चार वर्षांनी लहान. तरीही पडद्यावर बाप आणि मुले यांत शंका राहत नाही. आर. के. गुप्ता दुष्ट नाही. तारुण्यात केलेल्या एका भ्याड निर्णयाचा बोजा घेऊन तो मोठा झाला आहे. त्याच्या रुबाबामागे ती चूक सतत दिसत राहते, म्हणूनच मुलाचा सूड प्रेक्षकाला केवळ विजय वाटत नाही, दुःखही देतो.

ठाकूर बलदेवसिंग

१५ ऑगस्ट १९७५ रोजी प्रदर्शित झालेल्या 'शोले'चे चित्रीकरण बंगळूरजवळच्या रामनगरमच्या खडकाळ परिसरात झाले. दिग्दर्शक रमेश सिप्पी यांच्या 'सीता और गीता'त संजीव कुमार यांनी डॉक्टर नायक केला होता. 'शोले'त त्यांच्याकडे ठाकूर बलदेवसिंग आला. कथेची सगळी चक्रे या भूमिकेभोवती फिरतात. जय आणि वीरू या दोघा चोरांना तो गावात आणतो, दरोडेखोर गब्बरशी वैर त्याचे आहे, आणि जवळजवळ संपूर्ण कुटुंब गमावलेला माणूसही तोच आहे. तरीही गाणी, प्रेम, थट्टा आणि बहुतेक मारामाऱ्या इतरांच्या वाट्याला आहेत.

नटाच्या दृष्टीने ही भूमिका विलक्षण अवघड होती. पूर्वार्धभर ठाकूर शाल पांघरून उभा असतो, आणि त्याला हात नाहीत हे प्रेक्षकाला ठाऊक नसते. होळीच्या दिवशी गब्बर गावावर चालून येतो तेव्हा बंदूक ठाकुराच्या पायाजवळ पडलेली असते, पण तो ती उचलत नाही. त्या वेळी प्रेक्षकाला तो भित्रा वाटायला हवा होता. नंतर पूर्वकथेत गब्बरला हातांनी पकडणारा पोलीस अधिकारी दिसतो, आणि तिच्या शेवटी शाल वाऱ्याने उडते. एकाच नटाला दोन शरीरे दाखवायची होती, एक हात असलेले आणि एक नसलेले. हातांशिवाय नटाकडे रागाची जी साधने उरतात, ती सगळी त्यांनी वापरली. मान ताठ ठेवणे, जबडा आवळणे, शब्द दातांखालून बाहेर काढणे, आणि डोळे न हलवता समोर पाहणे.

कुटुंबाच्या हत्येनंतर घरी पोचलेला ठाकूर एकेका प्रेतावरची चादर बाजूला करतो, तो प्रसंग जवळजवळ शब्दावाचून आहे. एका चादरीखाली लहान नातू दिसतो. इथे नट रडला असता तर प्रसंग संपला असता. त्यांनी रडणे आत अडवले, म्हणून तो प्रसंग संपूर्ण कथेचे कारण होऊ शकला. मूळ शेवटात ठाकूर पायांनी गब्बरला ठार मारतो. आणीबाणीत सेन्सॉरने तो बदलायला लावला आणि पोलिसांचे आगमन घातले गेले. तरीही लोकांनी ठाकुराचा सूड पूर्ण झाला असेच मानले.

'शोले' हे चरित्र अभिनेत्यांचे संमेलनही होते. इप्टाच्या दिवसांतले हंगल इथे रहीमचाचा होते, त्यांचा मुलगा अहमद सचिन पिळगांवकर यांनी केला, आणि कालिया विजू खोटे यांनी. 'डमरू'मध्ये ज्यांनी संजीव कुमार यांना म्हातारा बनवले, ते हंगल आणि त्यांनीच घडवलेला तो नट गावच्या एकाच शोकाचे दोन वाटेकरी झाले. ठाकुराच्या मौनाच्या शेजारी रहीमचाचाचे आंधळे दुःख उभे राहते, तेव्हा दुय्यम भूमिकांनी चित्रपटाचे वजन किती वाढते ते कळते.

मिर्झा, नवरस आणि विनोद

१९७४ मध्ये 'नया दिन नई रात' या चित्रपटात त्यांनी नऊ भूमिका केल्या. तमिळमध्ये शिवाजी गणेशन यांनी १९६४ च्या 'नवरात्री'त हे नवरसांचे आव्हान आधी घेतले होते. नऊ वेगळी माणसे नऊ वेगळ्या रंगभूषांत करणे हे कसबाचे प्रदर्शन होते, आणि त्या प्रदर्शनाला मर्यादाही होत्या. संजीव कुमार यांचे मोठेपण खरे दिसते ते याच्या उलट जागी, म्हणजे रंगभूषा कमी आणि बदल आतला असतो तिथे.

सत्यजित राय यांनी १९७७ मध्ये प्रेमचंदांच्या कथेवर 'शतरंज के खिलाडी' काढला. त्यांचा हा पहिला हिंदी-उर्दू चित्रपट. १८५६ च्या लखनौत कंपनी सरकार अवध गिळंकृत करत असताना मिर्झा सज्जाद अली आणि मीर रोशन अली हे दोन जहागीरदार बुद्धिबळात मश्गूल आहेत. मिर्झा संजीव कुमार झाले आणि मीर सईद जाफरी. 'शोले'चा गब्बर अमजद खान इथे गझल रचणारा नवाब वाजिद अली शाह होता, म्हणजे ठाकूर आणि गब्बर पुन्हा एकाच चित्रपटात, पण अगदी वेगळ्या जगात. बायकोने सोंगट्या लपवल्यावर हे दोघे टोमॅटो, लिंबू आणि सुपाऱ्या पटावर मांडून खेळ चालू ठेवतात. तो प्रसंग हसवतो आणि नंतर बोचतो. मिर्झाचा आळस हास्यास्पद आहे, पण त्याच्या मागे आपले जग संपत असल्याची भीती आहे, आणि ती संजीव कुमार यांनी एकदाही उघड बोलून दाखवली नाही.

विनोदाची त्यांची समज १९७८ च्या 'पति पत्नी और वो'मध्ये दिसली, आणि १९८२ च्या 'अंगूर'मध्ये कळसाला गेली. शेक्सपिअरच्या 'कॉमेडी ऑफ एरर्स'वर गुलजार यांनी आधी 'दो दूनी चार' लिहिला होता, तो पडला. 'अंगूर'मध्ये संजीव कुमार यांनी दोन अशोक केले आणि देवेन वर्मा यांनी दोन बहादूर. दोन्ही अशोक दिसायला एक आहेत. एक घर सांभाळणारा, बायकोपुढे नमणारा. दुसरा हेरकथा वाचून वाचून जिकडे तिकडे टोळीचा कट पाहणारा. संजीव कुमार यांनी दोघांना हसवण्यासाठी रचले नाही. दुसऱ्या अशोकची भीती त्याच्या दृष्टीने खरी आहे, म्हणून प्रेक्षक हसतो. तोच नियम देवेन वर्मा यांनीही पाळला, आणि या भूमिकेने त्यांना फिल्मफेअरचा विनोदी अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. याच वर्षी गुलजार यांच्या 'नमकीन'मध्ये संजीव कुमार गेरूलाल नावाचे ट्रकचालक होते, आई आणि तिच्या तीन मुलींच्या एकाकी घरात भाड्याने राहणारे.

अभिनयाची पद्धत

त्यांच्या अभिनयात तीन गोष्टी सतत दिसतात. पहिली, ऐकणे. समोरचा नट बोलत असताना त्यांच्या चेहऱ्यावर पुढच्या वाक्याची तयारी दिसत नाही. ते ऐकतात, आणि ऐकल्यामुळे त्यांचे उत्तर ताजे वाटते. दुसरी, वाक्यातला विराम. अनेक नट विराम वाक्याच्या शेवटी घेतात. संजीव कुमार वाक्याच्या मधेच थांबतात, जणू पुढचा शब्द निवडत आहेत, त्यामुळे पाठ केलेले संवादही आत्ता सुचल्यासारखे ऐकू येतात. तिसरी, शरीराचा विचार. त्यांचे शरीर कसलेले नव्हते, आणि वयाबरोबर ते जडही झाले. त्यांनी ते लपवले नाही. त्या जडपणाला त्यांनी आर. के. गुप्ताचा रुबाब, मिर्झाची सुस्ती आणि जे. के.चा थकवा बनवले.

या पद्धतीची किंमतही त्यांनी मोजली. ज्या नटाची नक्कल करता येत नाही, त्याची स्वतःची अशी ठरीव प्रतिमा तयार होत नाही. त्यांच्या नावावर केशरचना, चाल किंवा कपडे गाजले नाहीत. ७० च्या दशकात संतप्त तरुणाचा काळ सुरू झाला, तेव्हा मोठ्या बजेटच्या चित्रपटांत ते अमिताभ बच्चन यांच्या सोबतीला दिसू लागले. 'काला पत्थर'मध्ये कोळशाच्या खाणीतला डॉक्टर, 'सिलसिला'त संशयाचे दुःख सभ्यपणे सोसणारा पती. दोन्हीही नायकाच्या मागे उभ्या असलेल्या भूमिका, आणि दोन्हीही कथेला धरून ठेवणाऱ्या.

शेवटची वर्षे

संजीव कुमार यांनी लग्न केले नाही. त्यांच्या घराण्यात हृदयविकार होता, आणि कुटुंबातले अनेक पुरुष पन्नाशी न गाठताच गेले होते. पहिल्या हृदयविकाराच्या झटक्यानंतर अमेरिकेत त्यांच्यावर बायपास शस्त्रक्रिया झाली. तरीही कामाचा वेग त्यांनी फारसा कमी केला नाही. १९८२ मध्ये सुभाष घई यांच्या 'विधाता'त ते पुन्हा दिलीप कुमार यांच्याबरोबर आले. 'संघर्ष'मध्ये वैरी असलेले हे दोन नट आता मालक आणि त्याच्या नातवाला वाढवणारा इमानी अबूबाबा या नात्यात उभे राहिले.

६ नोव्हेंबर १९८५ रोजी मुंबईत हृदयविकाराने त्यांचे निधन झाले. ते ४७ वर्षांचे होते. पडद्यावर इतकी म्हातारपणे जगलेल्या या नटाला स्वतःचे म्हातारपण मिळाले नाही. त्यांचे चित्रपट त्यांच्यानंतरही येत राहिले. त्यांपैकी 'लव्ह अँड गॉड'ची कहाणी सर्वांत विलक्षण आहे. 'मुघल-ए-आझम'चे दिग्दर्शक के. आसिफ यांनी १९६३ मध्ये गुरुदत्त यांना मजनू करून लैला-मजनूची ही कथा सुरू केली. १९६४ मध्ये गुरुदत्त गेले. आसिफ यांनी संजीव कुमार यांना घेऊन काम पुन्हा हाती घेतले. १९७१ मध्ये आसिफ स्वतः गेले. चित्रपट १९८६ मध्ये अपूर्ण अवस्थेतच प्रदर्शित झाला, तेव्हा त्याचा दुसरा नायकही जगात नव्हता. त्यांचा शेवटचा चित्रपट 'प्रोफेसर की पडोसन' १९९३ मध्ये पडद्यावर आला.

स्मरण आणि स्थान

सुरतेने आपल्या या मुलाची आठवण जपली आहे. शहरात त्यांच्या नावाचा रस्ता आहे, आणि पाल-अडाजण भागात महानगरपालिकेने उभारलेले संजीव कुमार सभागृह २०१४ पासून नाटके आणि सांस्कृतिक कार्यक्रमांसाठी खुले आहे. नाटकातून घडलेल्या नटाचे नाव नाट्यगृहाला मिळणे ही उचित गोष्ट आहे. भारतीय चित्रपटाच्या शताब्दीनिमित्त ३ मे २०१३ रोजी टपाल खात्याने काढलेल्या ५० तिकिटांच्या संचात एक तिकीट त्यांचे होते.

पण त्यांचे खरे योगदान कामाच्या पद्धतीत आहे. हिंदी चित्रपटात सहायक अभिनेता म्हणजे नायकाला टेकू, अशी समजूत दीर्घकाळ होती. संजीव कुमार यांनी सहायक भूमिकेत नायकाइतकाच अभ्यास घातला आणि नायकाच्या भूमिकेत सहायक नटाची नम्रता ठेवली. पोस्टरवर नाव कुठे येते आणि पडद्यावरचे वय किती दिसते, या दोन चिंता नटाने सोडल्या तर त्याला किती माणसे करता येतात, हे त्यांची कारकीर्द दाखवते. हमीद, हरिचरण, जे. के., ठाकूर, मिर्झा, आर. के. गुप्ता आणि दोन अशोक ही माणसे एकमेकांसारखी नाहीत, आणि ती एकाच नटाने केली हे पाहताना आठवतही नाही. पुढच्या पिढीतल्या ज्या नटांनी नायक आणि चरित्र अभिनेता यांतली रेघ पुसून काम केले, त्यांच्यासाठी ती वाट सुरतेच्या हरिभाईंनी २२ व्या वर्षी रंगमंचावर म्हातारा होऊन मोकळी केली होती.